वर दाढी, खाली शेव्हर

डोंबिवलीत आर्केड म्हणजे काय ते मला विचारा. खाली फरसाणाचं दुकान, शेजारी झेरॉक्स, पहिल्या मजल्यावर दातांचा दवाखाना आणि कॉमर्सचे क्लास, दुसऱ्या मजल्यावर पॅथॉलॉजी लॅब. सकाळी उपाशीपोटी रक्त द्यायला आलेली मंडळी लॅबच्या जिन्यात बसलेली असतात आणि खालून ताज्या गाठ्यांचा वास वर येत असतो. अशा इमारतीला बिल्डर आईचं किंवा कुलदेवीचं नाव देतो आणि पुढे ‘आर्केड’ लावून मोकळा होतो. आमच्या एका गल्लीत अशी तीन आर्केड आहेत. तिन्हींत मिळून कमान एकही नाही.

म्हणून भाचीने फोनवर ‘मामा, या रविवारी आपण सगळे मुंबईतली आर्केड बघायला जातोय’ असं जाहीर केलं, तेव्हा मी म्हटलं, ‘अगं, त्याला लोकल कशाला? चपला घाल आणि खाली उतर.’

भाची आर्किटेक्चर शिकते. तिने फोनमध्ये ऐकू येईल एवढा सुस्कारा सोडला. ‘आर्केड म्हणजे कमानींची रांग रे. वर इमारत आणि खाली चालायची वाट. डी. एन. रोडला आहे ना तशी. व्हीटी ते फाउंटन. तू रोज तिच्याखालून जायचास.’

‘ते होय! त्याला आम्ही फुटपाथ म्हणतो.’

मग तिने बेत सांगितला. तिने स्वतः दहा कोडी रचली होती. प्रत्येक गटाला एक कागद. गाइड नाही, मार्ग दाखवणारं कोणी नाही. कोडं वाचायचं, इमारतीकडे बघायचं, उत्तर लिहायचं आणि पुढे सरकायचं. मोबाइलवर शोधायचं नाही आणि कोणाला विचारायचंही नाही. परदेशात म्हणे जुन्या शहरांतले असे कमानीबाजार लोक सुट्टीच्या दिवशी कोडी सोडवत पालथे घालतात आणि वर त्याचे पैसेही मोजतात. आपल्याला फुकट.

मी मनातून हसलो. व्हीटी ते फाउंटन ही वाट मी एकतीस वर्षं तुडवली आहे. सकाळी ८.१३ ची फास्ट, नऊ वीसला व्हीटी, साडेनऊला कचेरीत आवक-जावकच्या टेबलावर. स्टेशनला महाराजांचं नाव मिळालं हे उत्तमच झालं, पण माझी जीभ १९९६ च्या आधीची आहे. ती अजून व्हीटीच म्हणते. भावोजींना फोन करून मी सांगून टाकलं, ‘तुम्ही येताय ते ठीक आहे, पण माझ्याशी स्पर्धा करू नका. मी त्या रस्त्याने डोळे बांधून जाईन.’

हे वाक्य बायकोने ऐकलं होतं. ते तिने दिवसभरात चार वेळा वापरलं.

भावोजी मोजणी खात्यातून निवृत्त झालेत. आयुष्यभर लोकांच्या शेतांच्या हद्दी मोजल्यामुळे त्यांना कुठलीही गोष्ट कुठे सुरू होते आणि कुठे संपते हे ठरल्याशिवाय पुढे जाता येत नाही. जेवायला बसतानाही ते ताटाच्या बाजूंची खात्री करून घेतात असं ताई म्हणते. तर एक गट भावोजी आणि ताईचा, दुसरा आमचा आणि तिसरा भाचीच्या धाकट्या भावाचा आणि त्याच्या एका मित्राचा. ही पोरं दोघं मिळून सव्वीस वर्षांची, म्हणजे माझ्या नोकरीपेक्षा पाचने लहान.

पहिलं कोडं स्टेशनातच होतं. ‘दोन खांब, दोन जनावरं. एक राणीचं, एक आपलं. कोणती?’

व्हीटीला मी एकतीस वर्षांत जनावर पाहिलं नव्हतं. डोंबिवलीचा माणूस व्हीटीला उतरतो तेव्हा त्याच्या पुढे माणसांच्या पाठी असतात आणि संध्याकाळी परत येतो तेव्हा डोळे इंडिकेटरवर. त्या दोहोंच्या मध्ये एक अख्खं स्टेशन उभं आहे, हे त्याला कुठून कळणार? मी म्हटलं, ‘कुत्रा आणि मांजर लिही. प्लॅटफॉर्मवर दोन्ही आहेत.’ बायकोने माझ्याकडे दुर्लक्ष केलं आणि ती बाहेरच्या अंगाला, जुन्या कचेरीच्या फाटकाकडे चालू लागली. फाटकाच्या एका खांबावर सिंह, दुसऱ्यावर वाघ. सिंह ब्रिटनचा, वाघ हिंदुस्थानचा. दोघं शेजारी बसलेत आणि एकमेकांकडे बघत नाहीत. चौथ्या सीटवरच्या माणसाकडे बाकीचे तिघं बघत नाहीत, अगदी तसे.

भाची पाठीमागून आलीच होती. तिने ऐकवलं की हे स्टेशन बांधायला १८७८ ते १८८८ अशी दहा वर्षं लागली, वास्तुकार स्टीव्हन्स, आणि दगडातली ही पानं, फुलं, घुबडं, माकडं जे. जे. कला शाळेच्या विद्यार्थ्यांच्या हातची आहेत. वर भिंतीवर नाना शंकरशेटांचा चेहराही आहे. मी मान वर केली. मान ‘कट्’ असं म्हणाली. डॉक्टरांनी मला मान खाली घालून बसू नका असं सांगितलं होतं. वर करू नका असं कोणी सांगितलं नव्हतं. दहा कोडी संपेपर्यंत त्यांनी ते का सांगितलं नाही, याचा मी पुष्कळ विचार केला.

तिथून सबवे. व्हीटीच्या सबवेत उतरलेला माणूस मनात ठरवलेल्या तोंडाने बाहेर आला तर ते त्या दिवसाचं पुण्य. पोरांचा गट कुठेतरी भलतीकडेच उगवला आणि दहा मिनिटं आम्हाला रस्त्यापलीकडून हात करत राहिला.

आणि मग मी कमानींखाली शिरलो, आणि हरवलो.

हे नीट सांगितलं पाहिजे. मला ती वाट पाठ होती, पण वाट म्हणजे काय पाठ होतं? आधी चष्मेवाला. त्याच्यापुढे बेल्ट आणि पाकिटं. मग अत्तर आणि परदेशी सेंटवाला, जो न विचारता मनगटावर फवारा मारायचा आणि मग कचेरीत दिवसभर लोक माझ्याकडे संशयाने बघायचे. मग शेव्हर, कॅल्क्युलेटर, टॉर्च, नखं कापायची यंत्रं. मग जुनी नाणी आणि पोस्टाची तिकिटं मांडून बसलेले एक काका. त्यांच्यापुढे टाइपरायटर घेऊन अर्ज खरडून देणारा. तिथे डावीकडे वळलं की माझी कचेरी. असा तो नकाशा. आणि रविवारी सकाळी यातलं एकही माणूस जागेवर नव्हतं. शटर खाली, फुटपाथ झाडलेला, आणि नुसते खांब, खांब, खांब. घरातलं सगळं सामान टेम्पोत भरल्यावर रिकाम्या खोल्या जशा भलत्याच मोठ्या आणि परक्या वाटतात, तसा तो रस्ता दिसत होता. मी दोनदा आत्मविश्वासाने डावीकडे वळलो. दोन्ही वेळा बंद गल्लीतल्या एकाच मांजराने माझ्याकडे बघितलं.

‘डोळे बांधून जाणार होतात ना?’ बायको म्हणाली. ही तिसरी वेळ.

तिसरं कोडं मात्र माझंच होतं. ‘या रस्त्याच्या जुन्या नावाचा साहेब. वरिष्ठांचं पत्र आलं, तरी काम थांबलं नाही.’ मी तिथल्या तिथे हॉर्नबी लिहिलं. डी. एन. रोड पूर्वी हॉर्नबी रोड होता आणि विल्यम हॉर्नबी हा १७७१ ते १७८४ मुंबईचा गव्हर्नर. महालक्ष्मी आणि वरळीच्या मधल्या खिंडीतून समुद्र आत घुसायचा, तिथे बांध घालायचं त्याने मनावर घेतलं. आख्यायिका अशी की खर्च नामंजूर असल्याचं कंपनीच्या डायरेक्टरांचं पत्र विलायतेहून आलं, ते त्याने खिशात घातलं आणि बांध पुरा होईपर्यंत बाहेरच काढलं नाही. पत्र एकतीस वर्षं हाताळलेल्या माणसाला यातलं मर्म कळतं. गोऱ्या साहेबाचं मोठेपण बांधात नाही. त्याच्या कचेरीत आवक-जावकला माणूस नव्हता, यात आहे. माझ्यासारखा कोणी असता तर पत्रावर तारखेचा शिक्का पडला असता, नोंदवहीत क्रमांक चढला असता, सात जणांच्या सह्या झाल्या असत्या आणि महालक्ष्मीहून वरळीला आज आपण होडीने गेलो असतो.

चौथं कोडं छत्रीचं. ‘ती कोणीच उघडत नाही, तरी सगळे तिच्याखाली. कोणत्या साली उघडली?’ याचं उत्तर भिंतीवर कुठेच नाही, ते माहीतच असावं लागतं, म्हणून पोरांनी तक्रार केली. भावोजींनी ती उचलून धरली. शेवटी भाचीला उत्तर फोडावं लागलं.

गोष्ट अशी. १८६० च्या दशकात गव्हर्नर फ्रेअरने जुन्या किल्ल्याच्या भिंती पाडल्या आणि कोंडलेलं शहर मोकळं झालं. हॉर्नबी रोड रुंद झाला, दुतर्फा मोठमोठ्या इमारती उठू लागल्या. १८९६ सालच्या बांधकाम नियमाने तिथे इमारत बांधणाऱ्याला तळमजल्यावर पादचाऱ्यांसाठी कमानींखालची वाट सोडणं सक्तीचं झालं. वर काय बांधायचं ते बांधा. कोणी घुमट घातला, कोणी टोकदार गॉथिक खिडक्या, कोणी ग्रीक खांब, कोणी मोगली जाळ्या. ज्याच्या त्याच्या खिशाप्रमाणे आणि हौसेप्रमाणे. पण खाली सगळ्यांनी एक वाट सोडायची आणि ती शेजाऱ्याच्या वाटेला जुळवायची.

आमच्या सोसायटीत बारा बिऱ्हाडं आहेत. कंपाउंडच्या भिंतीला क्रीम रंग द्यायचा की बिस्किट, यावर तीन सर्वसाधारण सभा झाल्या, आणि दोन्ही रंगांत फरक काय हे अजून कोणाला सांगता आलेलं नाही. आणि इथे पारशी शेठ, विलायती दुकानदार, विमा कंपन्या, शाळा आणि वाचनालयं यांनी आपापल्या दारातली मोक्याची जागा आमच्यासारख्या, ज्यांनी त्यांच्याकडून कधी काडीही विकत घेतली नाही अशा माणसांना चालायला दिली. कोकणातल्या घराला पडवी असते, वाटसरूने ऊन-पाऊस चुकवायला टेकावं म्हणून. ही साहेबी पडवी. सरकारी सक्तीने का होईना, पण दिली.

त्या पडवीचं मोल मला जून ते सप्टेंबर कळायचं. बाहेर धो धो कोसळत असायचा आणि मी छत्री काखेत, कोरडा, रमतगमत फाउंटनकडे. फक्त दोन इमारतींमधली गल्ली आली की पंचाईत. तिथे छप्पर तुटतं. त्या चार ढांगांसाठी छत्री उघडावी की नाही, हा प्रश्न एकतीस पावसाळ्यांत सुटला नाही. उघडली तर पलीकडच्या कमानीत पोचेपर्यंत मिटायची वेळ येते, आणि मिटताना तिचं पाणी पुढच्या माणसाच्या पाठीवर. नाही उघडली तर नेमका त्याच चार ढांगांत पाऊस आपल्याला ओळखतो. कमानीच्या काठावर मग घोळका साचायचा. सगळे वर बघत, एकमेकांना ‘थांबेल आता’ म्हणत. तिथे कळलेल्या बढत्या-बदल्यांच्या बातम्या कचेरीतल्या परिपत्रकांपेक्षा खऱ्या निघायच्या.

पाचवं आणि सहावं कोडं मी पटकन उरकतो, कारण ती आम्ही चुकलो. एकात महापालिकेच्या मानचिन्हावरचं संस्कृत वचन ओळखायचं होतं, ते ‘यतो धर्मस्ततो जयः’. मी ‘सत्यमेव जयते’ लिहिलं. दुसरं जे. एन. पेटिट इन्स्टिट्यूटचं, १८९८ च्या त्या देखण्या वाचनालयाचं. मी इतकी वर्षं त्याला चर्च समजत होतो आणि जाता-येता नमस्कार करत होतो.

सातव्या कोड्याला बायको अचानक एका खांबापाशी थांबली. पिवळट दगडाचा, इतर खांबांसारखाच खांब. तिने त्याच्यावर हात ठेवला. ‘अहो, हा माझा खांब.’

लग्नाला सदतीस वर्षं झाली, तरी मला हिचा एक खांब आहे हे माहीत नव्हतं. ती सिद्धार्थ कॉलेजची. डॉ. आंबेडकरांच्या पीपल्स एज्युकेशन सोसायटीने १९४६ साली काढलेलं हे कॉलेज याच रस्त्यावर आहे. नोकरी करून शिकणाऱ्यांच्या सोयीने तिथले तास सकाळचे. ती सकाळी कॉलेज करून मग टेलिफोन ऑपरेटरच्या ड्यूटीवर जायची. उजाडताना, फेरीवाले यायच्या आधी, मैत्रिणीची वाट बघत ती याच खांबाला टेकून उभी राहायची. म्हणजे तिने हा रस्ता रोजच तसा पाहिला होता, जसा मी त्या रविवारी पहिल्यांदा पाहिला: रिकामा. ‘वर बघायला वेळच वेळ असायचा,’ ती म्हणाली. ‘ती नेहमी उशिरा यायची.’ तिने न बघताच सातव्या कोड्याचं उत्तर लिहून टाकलं.

एक शंका मी आजवर गिळून आहे. ती मैत्रीणच होती ना?

आठवं कोडं सगळ्यांत मोठं. ‘तीन दाढ्या शोधा. एकीला पंख आहेत, एकीला खुर्ची आहे, एकीला शरीर नाही.’

पंखवाली दाढी सोपी निघाली. वाच्छा अग्यारी, १८८१ सालची. दाराशी इराणी राजवाड्यांत असतात तसे माणसाच्या तोंडाचे, पंख असलेले बैल. दाढी अशी की एकेक कुरळी बट मोजून घ्यावी. पारशी नसलेल्याला आत प्रवेश नाही, म्हणून आम्ही रस्त्यावरूनच पाहिलं. ते दाढीवाले बैल बघता बघता मला आठवलं की याच रस्त्यावर माझा शेव्हरवाला बसायचा. ब्याण्णव-त्र्याण्णवची गोष्ट असेल. कचेरीत वरून तपासणी येणार होती. आदल्या संध्याकाळी मी त्याच्याकडून बॅटरीवर चालणारा शेव्हर घेतला. ‘जपान का माल है, साहब.’ सकाळी डावा गाल गुळगुळीत झाला, हनुवटीपर्यंत आलो आणि यंत्राने प्राण सोडला. सेल बदलले, झटकलं, देवाचं नाव घेतलं. ८.१३ चुकवणं शक्य नव्हतं. ब्लेड संपलेलं. अर्धी दाढी घेऊन मी कचेरीत गेलो आणि दिवसभर तपासणी अधिकाऱ्यांना डावी बाजू दाखवत बसलो. संध्याकाळी शेव्हरवाल्याला गाठलं. त्याने माझा चेहरा दोन्ही बाजूंनी नीट पाहिला आणि म्हणाला, ‘आधी तो बन गयी ना, साहब? पैसा वसूल.’ शेव्हरवरच्या लेबलाचा कोपरा निघाला होता आणि जपानखाली दुसरं लेबल होतं. ते उल्हासनगरचं होतं की काय, हे मी वाचलं नाही. डोंबिवलीहून उल्हासनगर हाकेच्या अंतरावर. जिव्हारी लागलं असतं.

खुर्चीवाली दाढी फाउंटनला. ज्यांचं नाव या रस्त्याला आहे ते दादाभाई नौरोजी, १९२५ साली बसवलेला पुतळा, भारदस्त दाढी. एल्फिन्स्टन कॉलेजात गणित शिकवणारा हा माणूस १८९२ साली लंडनच्या सेंट्रल फिन्सबरीतून पार्लमेंटवर निवडून गेला, तोही अवघ्या पाच मतांनी. इंग्रजांनी त्यांच्या नावाची मोडतोड करून त्यांना ‘नॅरो मेजॉरिटी’ म्हणायला सुरुवात केली. पाच मतांनी निवडून आलेला माणूस पुढे काय करतो, हे आमच्या सोसायटीच्या सेक्रेटरीने या पुतळ्याखाली येऊन शिकावं. तर या दादाभाईंनी हिशेब मांडून दाखवला की हिंदुस्थानची संपत्ती नळ सोडल्यासारखी विलायतेत वाहून जाते आहे. आणि त्यांच्याच नावाच्या रस्त्यावर मी तीस वर्षं काय पाहिलं? परदेशी सेंट, परदेशी गॉगल, परदेशी शेव्हर. दादाभाईंना त्यातल्या त्यात दिलासा एवढाच की त्यातला बराचसा माल परदेशी नव्हताच. देशाची संपत्ती देशातच राहिली. अर्ध्या दाढीचं दुःख मला या कोनातून त्या दिवशी पहिल्यांदा सुसह्य वाटलं.

तिथेच फ्लोरा. १८६४ सालचं कारंजं, वर फुलांची रोमन देवी. नवव्या कोड्यात विचारलं होतं की या बाई मुळात कुठे जाणार होत्या. उत्तर: राणीच्या बागेत, भायखळ्याला. बेत बदलला आणि त्या फोर्टातच राहिल्या. फास्ट लोकलमध्ये चुकून चढलेल्या आणि आपलं स्टेशन समोरून सरकताना दारात हताश उभ्या असलेल्या बायकांच्या चेहऱ्यावर जो भाव असतो, तो फ्लोराच्या चेहऱ्यावर नीट पाहिलं तर आहे. शेजारी हुतात्मा स्मारकाला सगळ्यांनी हात जोडले. तिथलं कोडं कागदावर नव्हतं. भाचीला तेवढी जाण आहे.

तिसऱ्या, बिनशरीराच्या दाढीसाठी हॉर्निमन सर्कलपर्यंत पायपीट झाली. मधली गोल बाग आणि तिच्याभोवती वळणाने उभ्या असलेल्या, एका साच्यातून काढल्यासारख्या इमारती. हे काम १८७२ साली पुरं झालं, तेव्हा नाव होतं एल्फिन्स्टन सर्कल. पुढे एका इंग्रजाचं नाव काढून दुसऱ्या इंग्रजाचं दिलं, असं आपल्याकडे क्वचितच झालं असेल. बेंजामिन हॉर्निमन ‘बॉम्बे क्रॉनिकल’चे संपादक, आपल्या बाजूने लिहिलं म्हणून सरकारने त्यांना १९१९ साली उचलून जहाजावर बसवलं आणि मायदेशी पाठवलं. इथल्या कमानींच्या अगदी माथ्यावर, मधल्या दगडात, नुसती डोकी कोरलेली आहेत. दाढीवाली, म्हातारी, जराशी वैतागलेली. पोरांनी ती आधी पाहिली आणि नाचायलाच लागली. मी खालून पाहत राहिलो. रांगेतले आजोबा एकामागून एक खाली बघत होते, आणि त्यांच्या खालून दीडशे वर्षं आपली टाळकी चालली आहेत. त्यांना तेवढीच दिसतात. टक्कल कधी पडलं, कोणी कलप लावला, कोण कोणाच्या छत्रीत होतं, याची मुंबईतली सगळ्यात जुनी नोंद त्यांच्याकडे असणार.

तोवर चहाची तल्लफ आली होती. रविवारी फोर्टात चहा शोधणं हे अकरावं कोडं. एका सायकलवाल्याने सोडवलं. ते कागदात नव्हतं म्हणून मार्क कोणालाच नाहीत.

एशियाटिकच्या पायऱ्यांवर बसून निकाल लागला. नवव्या कोड्यापर्यंत बायकोचा, म्हणजे आमचा, गट पुढे होता. पण दहावं उरलं होतं, आणि त्याने घात केला. ‘व्हीटी ते फाउंटन, एका बाजूच्या कमानी किती?’

तीन गट, तीन आकडे. भावोजींचा आकडा आमच्यापेक्षा एकोणीसने कमी आणि पोरांचा आमच्यापेक्षा कितीतरी जास्त. मग चौकशी सुरू झाली. पोरांनी कमानी मोजल्याच नव्हत्या, शटर मोजली होती. भावोजींनी वरून सपाट असलेल्या चौकटी गाळल्या होत्या: ‘जिला गोलाई नाही ती कमान कशी? सातबाऱ्यावर लावायला सांगा, लागणार नाही.’ बायकोने त्या धरल्या होत्या. कोपऱ्यावरच्या इमारतीची तिरकी कमान रस्त्याची की गल्लीची? पत्रे लावून बुजवलेली धरायची का? गल्ली आडवी आली की रांग तुटली की चालू? भावोजी म्हणाले आधी हद्द कायम करा. ताई म्हणाली आधी घरी चला. भाचीला तिचं स्वतःचं उत्तर विचारलं तर तिने वही काढली. तिने दोनदा मोजलं होतं. तिचेही आकडे दोन होते.

बक्षीस कोणालाच मिळालं नाही. ते एक पेन होतं, भाचीने डी. एन. रोडच्याच फुटपाथवर घेतलेलं. ते चालतही नव्हतं.

पुढच्या आठवड्यात हयातीच्या दाखल्याचं निमित्त काढून मी एकटाच फोर्टात गेलो. वार मंगळवार. सगळे आपापल्या जागी होते आणि मी एकदाही हरवलो नाही. २००४ साली याच रस्त्याच्या सुधारणेचं युनेस्कोच्या आशिया-पॅसिफिक पुरस्कारांत कौतुक झालं, व्हीटी जागतिक वारशाच्या यादीत गेलं तेही त्याच वर्षी. भाचीने हे सांगितलं तेव्हा मी आठवून पाहिलं होतं. मला त्या वर्षातलं आठवलं ते बेल्टवाल्याने भाव वाढवले, एवढंच. चष्मेवाल्यापाशी थांबलो. तो आता म्हातारा झालाय, त्याचा मुलगा आरसा धरतो. डोक्यावर त्याने कमानीच्या आत एक छत्री बांधली होती. म्हटलं, ‘वर एवढं दगडी छप्पर असताना छत्री कशाला? आणि वर काय कोरलंय, कधी बघितलंत?’

‘कबूतर,’ तो म्हणाला.

मी छत्री बाजूला सारून वर पाहिलं. खरोखरच कबूतर होतं, आणि कोरलेलं नव्हतं.

जाताना पुन्हा एकदा कमानी मोजल्या. चौथा आकडा आला. तुम्ही कधी व्हीटीहून फाउंटनला चालत गेलात तर मोजा आणि मला कळवा. फक्त कुठल्या खांबापासून सुरुवात केली तेही लिहा, नाहीतर भावोजी ग्राह्य धरणार नाहीत.